पुण्याची सनद, न्यूयॉर्कची बार परीक्षा: कागद आधी, पुस्तक नंतर

शिवाजीनगर कोर्टात काही वर्षं प्रॅक्टिस करून मी न्यू जर्सीला आले, तेव्हा पहिल्याच महिन्यात ओळखीच्या तिघांनी तीन वेगळे सल्ले दिले. एक म्हणाला, भारतातल्या एलएलबीला इथं काही किंमत नाही, पुन्हा तीन वर्षं कॉलेजात जावं लागेल. एक ताई म्हणाल्या, एलएलएम, म्हणजे कायद्याची पदव्युत्तर पदवी, केल्याशिवाय वकिलीच्या परवान्यासाठीच्या बार परीक्षेचा फॉर्मच भरता येत नाही. तिसऱ्याने जुन्या पुस्तकांचा गठ्ठा घरी आणून दिला आणि म्हणाला, लागा अभ्यासाला. तिघांनीही आपुलकीनेच सांगितलं होतं. न्यूयॉर्कपुरतं पाहिलं तर पहिले दोन सल्ले सरसकट खरे नव्हते आणि तिसऱ्याचा क्रम चुकला होता. मी मात्र तिसरा ऐकला. चार महिने वाचत बसले आणि मग कळलं की माझी पात्रता ठरवणारी फाईल अजून उघडलेलीच नाही. त्या वर्षीची परीक्षा हुकली.

भारतातून एलएलबी करून अमेरिकेत आलेल्या किंवा यायच्या बेतात असलेल्या मराठी वकिलांसाठी हे लिहीत आहे. जे आधी करायला हवं तेच आधी सांगते.

राज्य कोणतं, हा पहिला प्रश्न

आपल्याकडे महाराष्ट्र आणि गोवा बार कौन्सिलची सनद घेतली, ऑल इंडिया बार एक्झामिनेशन पास झालो, की देशभरातल्या कोर्टांत उभं राहता येतं. अमेरिकेत तसं नाही. तिथे वकिलीचा परवाना राज्य देतं आणि परीक्षेला कोणी बसायचं हेही राज्यच ठरवतं. त्यामुळे घर एडिसनला आहे म्हणून न्यू जर्सीची परीक्षा द्यायची, हा विचार आपल्यासाठी बहुधा चालत नाही. न्यू जर्सीला अमेरिकन बार असोसिएशनची मान्यता असलेल्या लॉ स्कूलची जेडी, म्हणजे तिथली कायद्याची मूळ पदवी, लागते.

आपल्या लोकांसाठी दोन दरवाजे खऱ्या अर्थाने उघडे आहेत. एक कॅलिफोर्निया. तिथे स्वतःच्या देशात सनद असलेल्या वकिलाला आणखी पदवी न घेता परीक्षेला बसता येतं. दुसरा न्यूयॉर्क. तिथे सनदेपेक्षा तुमच्या शिक्षणाकडे पाहतात: किती वर्षं शिकलात, कुठल्या पद्धतीचा कायदा शिकलात. भारताचा कायदा इंग्लिश कॉमन लॉच्या, म्हणजे कोर्टांच्या निवाड्यांतून घडत गेलेल्या कायद्याच्या, पायावर उभा असल्यामुळे यातली अर्धी लढाई आपण आधीच जिंकलेली असते. या लेखात न्यूयॉर्कबद्दलच लिहिते, कारण ते मी स्वतः केलं आहे.

नागरिकत्वाची किंवा ग्रीन कार्डची अट परीक्षेला नाही. एच-४ व्हिसावर, म्हणजे नोकरीसाठी आलेल्या जोडीदारासोबत, असलेली व्यक्तीही परीक्षा देऊ शकते आणि पास झाल्यावर वकील म्हणून नोंदणीही करू शकते. काम करायचं तर वर्क परमिट वेगळं लागतं; बारचा परवाना म्हणजे कामाची परवानगी नव्हे. ही गोष्ट घरात नीट बोलून घ्या, कारण दोन वर्षं मेहनत करून परवाना हातात आला आणि काम करता येईना, तर फार मन खट्टू होतं.

आणि हो, इमिग्रेशन हा केंद्राचा कायदा आहे. कुठल्याही एका राज्याचा परवाना असलेला वकील देशभरातल्या इमिग्रेशन खात्यापुढे आणि इमिग्रेशन कोर्टांपुढे अशिलाची बाजू मांडू शकतो. आपल्या समाजात या कामाची गरज किती आहे, ते सांगायला नको.

पात्रतेची फाईल: परीक्षेच्या किमान वर्षभर आधी

न्यूयॉर्कमध्ये बार परीक्षा घेणारी संस्था म्हणजे न्यूयॉर्क स्टेट बोर्ड ऑफ लॉ एक्झामिनर्स. परदेशात शिकलेल्यांसाठीचा नियम आहे कोर्ट ऑफ अपील्सच्या, म्हणजे राज्याच्या सर्वोच्च न्यायालयाच्या, नियमावलीतला ५२०.६. तो मूळ इंग्रजीत एकदा शांतपणे वाचा. आपण वकील आहोत. दुसऱ्याने सांगितलेल्या नियमावर विसंबू नये.

नियमाचा गाभा दोन शब्दांत आहे: कालावधी आणि आशय. तुमचं कायद्याचं शिक्षण अमेरिकी शिक्षणाच्या तोडीचं लांब होतं का, आणि ते कॉमन लॉचं होतं का. बारावीनंतरचा पाच वर्षांचा अभ्यासक्रम असो, किंवा पदवीनंतरचा तीन वर्षांचा, अर्ज दोघांनीही करावा. निर्णय बोर्ड प्रत्येकाची कागदपत्रं पाहून देतं. शिक्षण वर्गात प्रत्यक्ष हजर राहून घेतलेलं हवं. पत्राद्वारे घेतलेली पदवी इथं चालत नाही.

दोन्ही निकष पुरे झाले तर एलएलएमची गरज नाही, थेट परीक्षा. एकात कमी पडलात तर मान्यताप्राप्त लॉ स्कूलमधून २४ क्रेडिटचं एलएलएम करून ती उणीव भरता येते. दोन्हीत कमी पडलात तर एलएलएमनेही भरून निघत नाही. हे आधी न तपासता लाखो रुपयांचं कर्ज काढून एलएलएमला येणारे विद्यार्थी मी पाहिले आहेत. त्यातल्या काहींना एलएलएमची गरजच नव्हती. काहींनी एलएलएम केलं, पण विषय चुकीचे निवडले. न्यूयॉर्कला त्या २४ क्रेडिटमध्ये व्यावसायिक नीतीचे किमान २, कायदेशीर संशोधन आणि लेखनाचे २, अमेरिकी कायदापद्धतीच्या ओळखीचे २ आणि बार परीक्षेतल्या विषयांचे ६ क्रेडिट लागतात, आणि वर्ग अमेरिकेत बसून केलेले लागतात. विषय नोंदवण्याच्या दिवशी ही यादी समोर ठेवा.

बोर्डाच्या संकेतस्थळावर परदेशी शिक्षणाच्या मूल्यमापनाचा ऑनलाइन अर्ज असतो. त्याआधी नॅशनल कॉन्फरन्स ऑफ बार एक्झामिनर्स या संस्थेचा तुमचा क्रमांक काढून घ्यावा लागतो. अर्ज अर्ध्या तासात भरून होतो. खरा वेळ जातो कागदांत, कारण ट्रान्स्क्रिप्ट, म्हणजे सगळ्या वर्षांच्या गुणांचा अधिकृत उतारा, तुमच्या हातून नाही, विद्यापीठाकडून थेट बोर्डाकडे जावं लागतं. सोबत पदवीचा पुरावा लागतो. तुमच्या शिक्षणावर भारतात वकिली करता येते याचा पुरावाही लागतो, आणि तिथे आपली सनद कामाला येते.

माझ्या विद्यापीठाकडून पहिलं पाकीट निघालं ते माझ्याच पुण्याच्या पत्त्यावर. आईने कौतुकाने उघडून पाहिलं आणि फोटो पाठवला. पाकिटाच्या तोंडावर शिक्का होता, तो उघडताना फाटला होता; म्हणजे ते पाकीट बाद. पुन्हा अर्ज, पुन्हा फी, पुन्हा दोन महिने. म्हणून अर्जातच मोठ्या अक्षरात लिहा की पाकीट थेट परदेशी पत्त्यावर जायचं आहे. कुरिअरचा खर्च आधी भरून ठेवा, बोर्डाच्या पत्त्याची छापील पट्टी अर्जाला जोडा आणि शक्य असेल तर घरातल्या कोणाला तरी त्या विभागात प्रत्यक्ष पाठवा. खिडकीशी उभं असलेलं माणूस पाहिल्यावर फाईल हलते, हा आपल्या सगळ्यांचाच अनुभव आहे.

नावाचा घोळ

याला वेगळी जागा देते आहे, कारण मराठी माणसाची फाईल इथेच सर्वाधिक अडते.

आपल्या मार्कशीटवर आडनाव आधी, मग स्वतःचं नाव, मग वडिलांचं, कधी शेवटी आईचंही. पासपोर्टवर आधी नाव आणि वडिलांचं नाव, मग आडनाव. लग्नानंतर नाव बदललेल्या बाईचं सनदेवर माहेरचं, पासपोर्टवर सासरचं, आणि आधारवर तिसरंच स्पेलिंग. अमेरिकेतल्या कारकुनाच्या दृष्टीने या तीन वेगळ्या व्यक्ती आहेत आणि त्याचं काही चुकत नाही.

परीक्षेच्या दिवशी दाखवायच्या ओळखपत्रावरचं नाव हे मूळ धरा आणि सगळे अर्ज त्याच नावाने, अक्षर न अक्षर तसंच भरा. जुनी नावं विचारलेल्या रकान्यात प्रत्येक नाव लिहा, अगदी एका अक्षराचा फरक असेल तरी. विवाह नोंदणीचा दाखला, राजपत्रातली नाव बदलाची नोंद, आणि ‘या सर्व नावांची व्यक्ती मीच’ असं अॅफिडेव्हिट, हे तिन्ही तयार ठेवा. मराठीत असलेल्या दाखल्याचं प्रमाणित इंग्रजी भाषांतर सोबत लागतं. हे सगळं भारतात असतानाच केलं तर एका आठवड्याचं काम. इथून करायला गेलं तर चार महिन्यांचं.

परीक्षा आहे तरी कशी

न्यूयॉर्कने जुलै २०१६ पासून युनिफॉर्म बार एक्झामिनेशन, म्हणजे यूबीई स्वीकारली. ती फेब्रुवारी आणि जुलै अशी वर्षातून दोनदा होते, महिन्याच्या शेवटच्या मंगळवारी आणि बुधवारी. परदेशी शिक्षण असलेल्यांना फी ७५० डॉलर, अमेरिकी पदवीधरांच्या तिप्पट.

मंगळवार लेखी उत्तरांचा. सहा निबंधवजा प्रश्न, प्रत्येकी अर्धा तास. याला एमईई म्हणतात. शिवाय प्रत्यक्ष वकिली कामाचे दोन मसुदे, प्रत्येकी दीड तास, ही एमपीटी. बुधवारी २०० बहुपर्यायी प्रश्न, सकाळी १०० आणि दुपारी १००, तीन-तीन तासांत, ही एमबीई. म्हणजे एका प्रश्नाला पावणेदोन मिनिटांहून किंचित जास्त. त्या २०० पैकी २५ प्रश्न केवळ चाचणीसाठी घातलेले असतात, त्यांचे गुण धरत नाहीत; पण ते कोणते हे ओळखता येत नाही, म्हणून सगळेच मनापासून सोडवायचे. चुकीच्या उत्तराचे गुण कापत नाहीत, तेव्हा एकही जागा रिकामी सोडू नका.

एकूण गुणांत एमबीईचा वाटा ५० टक्के, एमईईचा ३० आणि एमपीटीचा २०. एकूण ४०० पैकी न्यूयॉर्कला २६६ लागतात. दोन्ही दिवसांना वेगळी उत्तीर्णतेची रेषा नाही. एका दिवशी कमी पडलेलं दुसऱ्या दिवशी भरून काढता येतं. मंगळवारी संध्याकाळी ‘आता संपलं सगळं’ म्हणून रडलेली माझी मैत्रीण पास झाली, ती याच हिशेबामुळे.

न्यूयॉर्कने जुलै २०२८ पासून नेक्स्टजेन नावाची नवी परीक्षा घेण्याचं जाहीर केलं आहे. तिचं स्वरूप बरंच वेगळं असेल. त्यामुळे आज सुरुवात करणाऱ्याने आपली फाईल कधी मंजूर होईल आणि आपण कोणत्या परीक्षेत सापडू, याचा अंदाज घेऊनच पुस्तकं विकत घ्यावीत. आता समजलं असेल, कागद आधी का म्हणते ते.

आपल्याला जे येतं, तेच कुठे दगा देतं

एमबीईचे सात विषय: दिवाणी प्रक्रिया, राज्यघटना, करार, फौजदारी कायदा आणि प्रक्रिया, पुरावा, स्थावर मालमत्ता, टॉर्ट (करार नसतानाही ज्याची भरपाई मागता येते ती दिवाणी हानी). प्रत्येकाचे २५ प्रश्न गुणांत धरतात. यादी वाचून हायसं वाटतं, कारण हे सगळं आपण शिकलेलोच असतो. धोका तिथेच आहे. अगदी नवं असतं ते आपण लक्ष देऊन शिकतो. ओळखीचं वाटतं तिथे हात आपोआप भारतीय उत्तराकडे जातो, आणि प्रश्न काढणाऱ्याने तो पर्याय नेमका ठेवलेला असतो.

करार घ्या. आपल्या १८७२ च्या करार कायद्यात वचन देणाऱ्याच्या इच्छेवरून पूर्वी केलेलं कामही प्रतिफल, म्हणजे वचनाचा मोबदला, ठरतं. अमेरिकेत झालेल्या गोष्टीचं प्रतिफल म्हणजे प्रतिफलच नाही. स्वीकृतीचं पत्र टपालात टाकलं की करार झाला, हे दोन्हीकडे शिकवतात. पण आपल्या कलम ५ प्रमाणे ते पत्र समोरच्याच्या हाती पडेपर्यंत स्वीकारणाऱ्याला मागे फिरता येतं, अमेरिकेत पत्र टाकलं की मागे फिरणं संपलं.

फौजदारीत तर फरक फारच मोठे. पोलिसांपुढे दिलेला कबुलीजबाब आपल्याकडे आरोपीविरुद्ध वापरता येत नाही. जुन्या पुरावा कायद्याचं कलम २५, आता भारतीय साक्ष्य अधिनियमाचं कलम २३. ही गोष्ट आपल्या रक्तात इतकी भिनलेली असते की अमेरिकी प्रश्न वाचताना पोलीस ठाणं दिसलं की आपण ‘अग्राह्य’वर खूण करून मोकळे होतो. तिथे १९६६ च्या मिरांडा निकालानुसार गप्प राहण्याच्या आणि वकील मागण्याच्या हक्काचा इशारा नीट दिला असेल आणि कबुली स्वेच्छेची असेल, तर ती पुराव्यात येते. उलट बेकायदा झडतीत सापडलेली वस्तू आपल्याकडे केवळ त्या कारणाने बाद होत नाही, १९७४ च्या पूरणमल निकालापासून आपण हेच शिकलो. अमेरिकेत १९६१ च्या मॅप निकालाने ती राज्यांच्या कोर्टांतही बाद ठरते. दोन्ही नियम एकमेकांच्या आरशातल्या प्रतिमेसारखे उलटे आहेत.

आणि ज्यूरी. मुंबईच्या १९५९ च्या नानावटी खटल्याच्या पलीकडे आपला ज्यूरीशी संबंध उरलेला नाही. त्यामुळे ‘हा प्रश्न न्यायाधीश ठरवेल की ज्यूरी’ ही वाटणी आपल्या डोक्यात तयारच नसते. पुरावा आणि दिवाणी प्रक्रिया या दोन्ही विषयांत ती पदोपदी लागते. तिच्यावर आठवडाभर जास्त घालवला तरी वाया जाणार नाही.

मी एक दोनशे पानी वही केली होती. डाव्या पानावर ‘आपलं’, उजव्या पानावर ‘त्यांचं’. सराव करताना चुकलेल्या प्रत्येक प्रश्नाचं कारण शोधायचं आणि कारण भारतीय सवय असेल तर ते त्या वहीत घालायचं. शेवटच्या पंधरवड्यात मी जवळजवळ ती वहीच वाचली.

उत्तर लिहायची सवय मोडावी लागते

विद्यापीठाच्या पेपरात आपण काय करत होतो? प्रस्तावना, व्याख्या, कलम, तीन-चार निवाड्यांची नावं अधोरेखित करून, मग निष्कर्ष. पुरवण्या जोडल्या की गुण वाढतात असा समज. एमईईत तीस मिनिटं असतात आणि परीक्षकाला प्रस्तावना नको असते. त्याला चार गोष्टी हव्या असतात: मुद्दा काय, नियम काय, तो या हकिकतीला कसा लागू पडतो, आणि म्हणून काय. गुण मुख्यतः तिसऱ्यात असतात आणि आपण नेमकं तेच एका ओळीत उरकतो.

एक उदाहरण देते. रुग्णवाहिकेत झोपलेला जखमी दुकानदार म्हणतो, “टाके पडतील, दोन दिवसांत घरी येईन. पण वार आमच्या नोकरानेच केला.” त्या रात्री तो मरण पावतो. खुनाच्या खटल्यात हे वाक्य पुराव्यात येईल का?

आपल्या सवयीने लिहिलेलं उत्तर: ‘मृत्यूच्या कारणाबद्दल मृताने केलेलं विधान, सबब मृत्युपूर्व जबाब, सबब ग्राह्य.’ भारतात हे बरोबर आहे, कारण आपल्याकडे बोलणाऱ्याला मरणाची चाहूल लागलेली असण्याची अट नाही. न्यूयॉर्कच्या पेपरात याला गुण मिळणार नाहीत. तिथलं उत्तर असं चालतं: हे विधान कोर्टाबाहेरचं आणि त्यातली गोष्ट खरी ठरवण्यासाठी आणलेलं, म्हणून ऐकीव, आणि अपवादात बसलं नाही तर अग्राह्य. मृत्युपूर्व जबाबाचा अपवाद खुनाच्या आणि दिवाणी खटल्यांतच, आणि बोलणारा आपण आता मरणार असं समजून बोलला असेल तरच. इथे दुकानदार ‘दोन दिवसांत घरी येईन’ म्हणाला. टाके पडतील एवढंच त्याच्या मनात होतं. म्हणजे मरण जवळ आल्याची त्याला जाणीव नव्हती. म्हणून या अपवादाखाली विधान येत नाही. नुकत्याच झालेल्या हल्ल्याच्या भरात उद्गारलेलं वाक्य म्हणून दुसऱ्या अपवादातून येईल का, ते पुढच्या परिच्छेदात.

हकिकतीतली वाक्यं उचलून नियमाच्या प्रत्येक शब्दाला चिकटवली आहेत, हे पाहा. निवाड्याचं नाव एकही नाही. लागतही नाही. ज्यांनी एलएलबीचे पेपर मराठीतून लिहिले त्यांना इंग्रजीची धास्ती वाटते. त्यांना मी सांगेन की इथे फुलोऱ्याची इंग्रजी नकोच असते, छोटी, साधी, एकामागून एक वाक्यं हवी असतात. पहिले दोन आठवडे रोज एक उत्तर घड्याळ लावून लिहा. पहिलं चाळीस मिनिटांत होईल. विसावं सत्तावीस मिनिटांत.

एमपीटी ही आपली जमेची बाजू. एका पाकिटात फाईल आणि लागणारा कायदा दोन्ही देतात. बाहेरचं काही आठवावं लागत नाही. वरिष्ठ वकिलाचं टिपण असतं की अमुक अशिलासाठी मेमो, कोर्टासाठी युक्तिवाद किंवा पत्र तयार करा. सिनिअरच्या चेंबरमध्ये संध्याकाळी सातला ‘उद्या सकाळी से (म्हणजे लेखी म्हणणं) दाखल करायचा आहे’ हे ऐकलेल्या माणसाला हे काम ओळखीचं वाटतं. टिपण दोनदा वाचा, कारण काय लिहायचं नाही हेही त्यातच लिहिलेलं असतं. पंचेचाळीस मिनिटं वाचन, पंचेचाळीस लेखन. पाठ करायचं काही नाही म्हणून लोक याचा सराव टाळतात आणि २० टक्के गुण वाऱ्यावर सोडतात.

दहा-बारा आठवडे

पूर्ण वेळ देता आला तर दहा आठवडे, नोकरी किंवा लहान मूल असेल तर पाच-सहा महिने, साधारण चारशे तासांचा अभ्यास धरा. बार्ब्री, थेमिस, कॅप्लन यांचे तयार कोर्स मिळतात. यातला एक घ्या, तिन्ही नकोत. त्यांची व्याख्यानं ऐकण्यातच वेळ घालवणं ही आपली नेहमीची चूक, कारण क्लास लावला की अभ्यास झाला असं आपल्याला लहानपणापासून वाटत आलं आहे. व्याख्यान ऐका, पण त्याच संध्याकाळी त्या विषयाचे तीस प्रश्न सोडवा. नॅशनल कॉन्फरन्स ऑफ बार एक्झामिनर्स जुने खरे प्रश्न विकते. शेवटच्या महिन्यात तेच सोडवा, त्यांची भाषा कानात बसायला हवी.

स्थावर मालमत्ता सुरुवातीलाच घ्या. आपल्याकडच्या सातबारा, फेरफार आणि १८८२ च्या मालमत्ता हस्तांतरण कायद्यातून आलेल्या माणसाला तिथल्या भविष्यातल्या हक्कांची वर्गवारी आणि नोंदणीच्या अग्रक्रमाचे नियम पचायला वेळ लागतो.

लेखी उत्तरं स्वतःच्या लॅपटॉपवर परीक्षेचं सॉफ्टवेअर टाकून लिहायची असतात. सरावही त्याच कीबोर्डवर करा. बुधवारचा सराव किमान दोनदा पूर्ण दिवस करा, सकाळी १०० आणि दुपारी १००. दुपारच्या ऐंशीव्या प्रश्नापाशी डोकं कसं होतं, ते आधी अनुभवलेलं बरं.

परीक्षेबाहेरच्या चार अटी

निकाल आला की पेढे वाटावेत. पण सनद अजून दूर आहे आणि पुढचं सगळं तीन वर्षांच्या आत पुरं करून प्रवेशाचा अर्ज करावा लागतो.

व्यावसायिक नीतीची वेगळी परीक्षा, एमपीआरई. ६० प्रश्न, दोन तास, वर्षातून तीनदा. न्यूयॉर्कला ८५ गुण लागतात. बारच्या आधीच देऊन टाका, नंतर अंगात त्राण नसतं.

न्यूयॉर्क राज्याच्या कायद्याचा ऑनलाइन कोर्स आणि त्यानंतरची ऑनलाइन परीक्षा. ५० प्रश्न, दोन तास, पुस्तक उघडून. ३० बरोबर आले की झालं. पुस्तक उघडून असली तरी शोधायला वेळ पुरत नाही, साहित्याला आधी खुणा करून ठेवा.

५० तासांची मोफत कायदेशीर सेवा. ती भारतात केलेली चालते, मात्र काम कायद्याचं हवं, वकिलाच्या देखरेखीखालचं हवं, आणि देखरेख करणाऱ्याने ठरलेल्या फॉर्मवर सही द्यायला हवी. कायद्याचं शिक्षण सुरू झाल्यानंतरचे तास धरतात. एलएलएमच्या आधारे पात्र ठरणाऱ्यांना मात्र मागे किती जाता येतं याला मर्यादा आहे. जिल्हा विधी सेवा प्राधिकरणात किंवा कॉलेजच्या विधी साहाय्य केंद्रात काम केलं असेल तर भारत सोडण्याआधीच सह्या घ्या. रक्तदान शिबिरात बसलेले तास यात येत नाहीत.

कौशल्याची अट. ती पाच मार्गांनी पुरी करता येते. भारतात सनदेनंतर किमान वर्षभर पूर्ण वेळ प्रॅक्टिस केली असेल तर तो एक मार्ग, नसेल तर वकिलाच्या हाताखाली सहा महिन्यांची उमेदवारी हा दुसरा. सनद मिळाल्यावर वर्षभरही कोर्टात न जाता थेट विमानात बसण्याची घाई करू नका, असं मी ज्युनिअरना सांगते ते यासाठी.

चारित्र्याची फाईल

शेवटचा अर्ज अपिलेट डिव्हिजनकडे, म्हणजे राज्याच्या अपील न्यायालयाकडे. त्याचे चार विभाग आहेत. न्यूयॉर्कबाहेर राहणाऱ्या आणि बाहेरच काम करणाऱ्यांचं काम ऑल्बनीच्या तिसऱ्या विभागाकडे जातं. राहिलेले पत्ते, केलेल्या नोकऱ्या, दावे, खटले, थकलेली कर्जं, सगळं विचारतात. काही लपवू नका. जुन्या चुकीपेक्षा ती लपवणं इथे जड जातं.

कायद्याशी संबंधित प्रत्येक कामाचं, त्या त्या ठिकाणच्या वरिष्ठाचं अॅफिडेव्हिट लागतं. मी सरांना रात्री फोन केला, म्हणजे त्यांची सकाळ.

“सर, एक अॅफिडेव्हिट हवं होतं. मी तुमच्याकडे ज्युनिअर होते त्याचं.”

“अगं देतो की. ड्राफ्ट पाठव. पण तारखा बरोबर घाल हं, मला काही आठवत नाहीत. माझ्या डायऱ्या काढून बघायला सांगतो पोराला.”

सरांच्या त्या लाल कापडी पुठ्ठ्याच्या डायऱ्यांमुळे माझी रुजू झाल्याची तारीख सापडली. मी अर्जात दोन महिन्यांनी चुकीची लिहिली होती. वेळेत सुधारली. तेव्हा आपल्या सिनिअरशी संबंध राखा, आणि पहिल्या दिवसापासूनच्या तारखा कुठेतरी लिहून ठेवा. बार कौन्सिलकडून सनद चालू आणि निर्दोष असल्याचा दाखलाही काढावा लागतो. तो जुना झाला तर पुन्हा मागतात, म्हणून अर्जाच्या वेळीच काढा.

मुलाखत साधी असते. माझी वीस मिनिटांत झाली. फाईलमधल्या कागदांबद्दलच विचारलं, नावांबद्दल जरा जास्त. मग शपथविधी. त्यानंतर दर दोन वर्षांनी नोंदणीचं नूतनीकरण, फी ३७५ डॉलर. नव्या वकिलाला पहिल्या दोन वर्षांत ३२ तासांचं व्यावसायिक शिक्षण घ्यावं लागतं, दरवर्षी १६. त्यातले नीतीचे तास वेगळे मोजतात, ते शेवटच्या महिन्यावर ठेवू नका.